सत्तावीस नंबरचा ठराव

४ जानेवारी

पत्राची सुरुवात काय लिहून करावी यात वीस मिनिटं गेली. 'चि.' लिहावं तर तू सदुसष्टची, 'सप्रेम' लिहावं तर तूच हसशील. म्हणून काहीच लिहिलं नाही.

हे पत्र तुझ्या वहिनीचं आहे. पाकिटावर पाठवणाऱ्याचा पत्ता मुद्दाम घातला नाही. घातला असता तर तू ते न फोडता शेगडीत टाकलं असतंस. आता फोडलंच आहेस तर पूर्ण वाच.

कामाचं बोलते. आपल्या टेलिफोन ऑपरेटर संघटनेची घटना बदलायची ठरली आहे. पस्तीस वर्षांपूर्वी मी लिहिलेली चार पानं आता पुरत नाहीत म्हणे. एक्स्चेंज बंद होऊन जमाना झाला. आता संघटनेत हेल्पलाइनवर बसणाऱ्या मुली आहेत, मुलगेही आहेत, आणि सरचिटणीस आहे एक सव्वीस वर्षांची पोर. तिने नव्या मसुद्यात एक अख्खं प्रकरण घातलं आहे, 'सदस्यांचे हक्क'. जुन्या मंडळींना ते नको आहे. त्यांच्या वतीने लाइनमन घरी आला होता. तोच, आपल्या एक्स्चेंजच्या तारा सांभाळणारा, मागून आपल्याच संघटनेत आलेला. अजूनही खांबावर चढल्यासारखा ओरडून बोलतो. म्हणाला, "बाई, घटना तुमची. हक्कांची यादी कशाला नको, हे तेव्हा तुम्हीच सगळ्यांना पटवलं होतंत. अठरा फेब्रुवारीच्या सभेत परत एकदा पटवा."

मी हो म्हटलं. भाषण लिहायला बसले आणि अडले. समोरच्याची बाजू त्याच्याहून चांगली मांडता आल्याशिवाय ती खोडू नये, असं आमचे तर्कशास्त्राचे प्राध्यापक सांगत. आणि समोरची बाजू तेव्हा एकटी तूच होतीस.

ट्रंक कॉलच्या तिकिटांच्या पाठच्या कोऱ्या बाजूला तू यादी लिहून आणली होतीस. अकरा हक्क. मला नऊ आठवतात. शिक्षा करण्याआधी विचारलं जाण्याचा पहिला होता. कामाची पाळी चालू असताना पाणी पिण्याचा, पाठ टेकता येईल अशा खुर्चीचा, संघटनेचे कागद मागून वाचण्याचा, संघटना सोडून जाण्याचा. मोठं आणि लहान सगळं एकाच पंगतीत बसवलेलं. मी म्हणाले होते, "यादीच करायची तर श्वास घेण्याचा हक्कही घाल." सगळ्या हसल्या. तू म्हणालीस, "घालते. बोर्डाच्या खोलीतली खिडकी उघडायला कुणाची परवानगी लागते, वहिनी?" त्यावरही हसल्या, पण जरा कमी.

ती यादी तुझ्याकडे असली तर नक्कल करून पाठव. नसली तर उरलेले दोन हक्क आठवून कळव. बाकी काही लिहिण्याची गरज नाही.

तुझा दादा बरा आहे, एक गुडघा सोडून.

वहिनी

१७ जानेवारी

तेरा दिवस झाले. टपालाला तीन पुरतात, तेव्हा तू मुद्दाम गप्प आहेस असं धरून पुढचं लिहिते.

मी त्या सरचिटणीस मुलीला भेटून आले. शत्रू कसा दिसतो ते पाहावं म्हणून गेले होते. ती काम करते ते ऑफिस चौथ्या मजल्यावर आहे. लांबच लांब टेबलं, मध्ये छातीइतक्या उंच फळ्या, प्रत्येकीच्या कानात हेडफोन. आपल्यासारखे जड नाहीत, केस उपटले जात नाहीत त्यात. समोर भिंतीवर एक मोठा पडदा, त्यावर किती कॉल ताटकळत आहेत तो आकडा. तो वाढला की लाल होतो. एका मुलीने दोन बोटं वर केली. मी विचारलं, हे काय? उठून जायचं असलं की दोन बोटं. मिळाली तर चार मिनिटं. मी म्हटलं, आम्हाला पाच मिळत. माझ्या तोंडून ते जरा बढाई मारल्यासारखंच निघालं.

मुलगी काटकुळी आहे, भराभर बोलते, आणि ऐकताना मान हलवत नाही. मला हे आवडलं. मान हलवणारे लोक ऐकत नसतात.

"तुम्हाला मावशी म्हणू की मॅडम?"

"बाई म्हण. एक्स्चेंजमध्ये सगळे बाईच म्हणायचे. आणि मला सांग, संघटना कुणाची?"

"आपलीच."

"मग आपणच आपल्यापासून आपलं रक्षण कशाला करायचं? मालकाविरुद्ध हक्क मागावेत, ते समजतं. संघटनेला जो अधिकार आपण दिलाच नाही, तो ती वापरणार कशी? पाणी प्यायला बंदी करायचा अधिकार घटनेत कुठे दिलाय, की पाणी पिण्याचा हक्क लिहून ठेवायचा?"

"घटनेत दिलेला नाही. पण 'संघटनेच्या हितासाठी आवश्यक ते सर्व' करायचा दिला आहे ना, बाई? कलम सहा. तुमचंच."

कलम सहा माझंच आहे.

मग मी हुकमी पान टाकलं. म्हटलं, तू अकरा हक्क लिहिशील. उद्या कुणी बारावा मागायला आली तर तिला सांगतील, यादीत नाही म्हणजे नाहीच. न लिहिलेलं सगळं तू स्वतःच्या हाताने घालवून बसशील. पस्तीस वर्षांपूर्वी या एका मुद्द्यावर मी सभा जिंकली होती, तुला आठवत असेल. ती पोर हसलीसुद्धा नाही. मसुदा उलटून तिने शेवटचं वाक्य दाखवलं: 'एखादा हक्क या यादीत नाही एवढ्यावरून तो सदस्याला नाही असे कोणी समजू नये.'

एवढंच. एका ओळीचं काम होतं. मला तेव्हा ते सुचलं नाही, तुला सुचलं नाही, चौऱ्याऐंशी बायकांत एकीलाही सुचलं नाही. घरी येताना मी स्टॉप चुकले, त्या ओळीचाच विचार करत होते. कुठे फट सापडते का ते शोधत होते. अजून सापडलेली नाही.

आता एक गोष्ट फक्त माहितीसाठी. मसुद्यात कलम एकोणचाळीस असं आहे की, जुन्या घटनेखाली झालेले सगळे ठराव नवी घटना लागू होताच अंतिम ठरतील आणि त्यांवर पुन्हा चर्चा होणार नाही. मी तिला विचारलं, असा वादाचा ठराव आहे तरी कोणता. तिने इतिवृत्तांची जुनी वही काढली. "तसा एकच आहे, बाई. एका सदस्याला काढून टाकलं होतं. 'एकमताने मंजूर.' हे तुमचंच अक्षर ना?"

मी हो म्हटलं.

म्हणजे अठरा फेब्रुवारीच्या सभेपर्यंत तो ठराव रद्द होऊ शकतो, नंतर कधीच नाही. रद्द व्हायची वाटही एकच आहे: जिने इतिवृत्त लिहिलं तिनेच सभेत उभं राहून ते चुकीचं होतं असं सांगितलं पाहिजे. ही तरतूदही माझीच. आज वाचताना वाटलं, कुणीतरी माझ्यावर पाळत ठेवून लिहिली असावी.

तुला कळवते आहे, सुचवत काही नाही.

वहिनी

२९ जानेवारी

तुझा दादा काल तुझ्याकडून परत आला. दरवर्षीप्रमाणे पिशवीभर लिंबं घेऊन. दरवर्षीप्रमाणे मी ती धुऊन टोपलीत ठेवली आणि कुठली म्हणून विचारलं नाही. यंदा मात्र दुसरं काही विचारलं.

"तिला पत्रं मिळाली का?"

"मिळाली."

"दोन्ही?"

"दोन्ही."

"वाचली का?"

"मी टपाल पोचवतो की परीक्षा घेतो?" मग बूट काढता काढता म्हणाला, "चष्मा लावून बसली होती खरी. आणि मला दोनदा जेवायला वाढलं, तिच्या लक्षातच राहिलं नाही."

म्हणजे वाचली आहेस.

तुझ्या घराबद्दलही मी त्याला पहिल्यांदाच विचारलं. दोन खोल्या, मागे लिंबाचं झाड, आणि आतल्या खोलीत कोनाड्यात एक जुना काळा फोन, तार नसलेला. कशाला ठेवलायस, हे त्याला माहीत नाही. मलाही कळून घ्यायला आवडेल, पण हा प्रश्न मोजत नाही.

माझा खरा प्रश्न वेगळा आहे. तो नीट विचारण्यासाठी मला त्या आठवड्याबद्दल लिहावं लागेल. काही चुकलं तर दुरुस्त कर.

संपात आपण बोर्ड सोडला नव्हता. बसायचं, पण कॉल जोडायचे नाहीत, असं ठरलं होतं. जोडायचे फक्त तीन प्रकारचे: आग, इस्पितळ, अपघात. तीन शब्दांचा कागद मीच लिहून भिंतीला लावला होता. चौथ्या दिवशी रस्त्यावरच्या फोनच्या डब्यातून आलेला एक कॉल तू बाहेरगावी जोडून दिलास. तो अकरा मिनिटं चालला. आगीचा नव्हता, इस्पितळाचा नव्हता, अपघाताचा नव्हता. शेजारच्या बोर्डवालीने तुझी कॉल जोडायची दोरी भोकात खोचलेली पाहिली आणि येऊन मला सांगितलं.

संप त्याने मोडला नाही. दुसरी कुणी असती तर मी चार शब्द सुनावून सोडून दिलं असतं. पण तू माझी नणंद. नोकरीला तुला मी लावलेलं. सगळ्या माझ्या तोंडाकडे बघत होत्या, घरच्या माणसाला सूट देते का ते.

काढून टाकायला आपल्या घटनेत एकमत लागत होतं. तुझ्या यादीला माझं हेच तर उत्तर होतं. मी म्हणाले होते, हक्कांच्या कागदाने कुणी वाचत नसतं, वाचवते ती रचना. एकीने जरी विरोध केला तरी कुणाला काढता येणार नाही, यापेक्षा मोठं संरक्षण तुझे अकरा हक्क काय देणार आहेत?

सभा संप मिटल्यावर तीन दिवसांनी झाली. विश्रांतीच्या खोलीत एकसष्ट जणी होत्या. तेवीस जणी बोर्डावर, कारण बोर्ड रिकामा ठेवता येत नसे. त्यांची मतं घेण्याची आपली पद्धत तुला सांगायला नको, पण लिहिते, म्हणजे मला माझ्याच डोळ्यांनी वाचता येईल. देखरेखीच्या टेबलावरून सगळ्यांच्या हेडफोनमध्ये ठराव वाचायचा. मग दहा आकडे मोजायचे. जिचा विरोध असेल तिने आपल्या बोर्डावरची कळ दाबायची, की टेबलावर तिच्या नंबरचा दिवा लागे. दिवा लागला नाही म्हणजे होकार.

त्या तेविसांत तू होतीस. स्वतःला काढून टाकायचा ठराव तू स्वतःच्या कानांनी ऐकलास, माझ्या आवाजात. 'बोर्ड सत्तावीसच्या सदस्येला संघटनेतून काढण्यात यावे. विरोध असल्यास कळ दाबावी.'

दहापर्यंत सत्तावीसचा दिवा लागला नाही.

चौतीस वर्षं मी या एका गोष्टीला धरून आहे. तिनेच कळ दाबली नाही, म्हणजे तिला मान्य होतं. एक बोट हलवायचं होतं, आणि ते हललं असतं तर ठराव तिथेच पडला असता.

का नाही दाबलीस?

वहिनी

५ फेब्रुवारी

वहिनी,

यादी माझ्याकडे नाही. बदली मागून इथे आले, त्याच आठवड्यात फाडून टाकली. उरलेले दोन हक्क मलाही आठवत नाहीत. आणि तुझ्या नऊतला एक माझा नव्हताच. खुर्चीचा बारा नंबरवालीने मध्ये घुसवला होता, तिची कंबर दुखायची.

कळ का दाबली नाही? 'स्वतःच्या प्रकरणात स्वतः मत देऊ नये.' हे तूच शिकवलंस. पहिल्याच वर्षी, बढतीच्या यादीवरून भांडण झालं तेव्हा, टेबलावर पट्टी आपटून. माझं बोट कळीवर होतं, वहिनी. मला ते आठवलं आणि मी उचललं. वाटलं, आता वर बोलावतील, तेव्हा काय ते बोलू. पाळी संपेपर्यंत वाट पाहिली. नंतर जिन्यात चिठ्ठी लावलेली दिसली. ती वाचत असताना बाजूने सगळ्या खाली उतरत होत्या आणि एकही थांबली नाही.

तो कॉल कुणाचा होता ते सांगणार नाही. नोकरीला लागताना शपथ घेतली होती, ऐकलेलं बाहेर बोलणार नाही म्हणून. नोकरी संपली म्हणून शपथ संपत नाही. तू त्या दिवशी वर बोलावून विचारलं असतंस तरीही सांगितलं नसतं. मग विचारून फरक काय पडला असता, असं तू म्हणशील. मला तुझं तर्कशास्त्र माहीत आहे.

पडला असता.

दादाला घालूनपाडून बोलू नकोस. लिंबं तू वापरतेस, टाकत नाहीस, एवढं त्याने मला पहिल्याच वर्षी सांगितलं होतं. नाहीतर मी पाठवली नसती.

फोन कोनाड्यात आहे कारण तो सुंदर आहे. दुसरं काही कारण नाही.

१० फेब्रुवारी

तुझं पत्र तीनदा वाचलं. तिसऱ्यांदा उभ्याने.

मी दुरुस्त करायला सांगितलं होतं आणि तू केलंस. आता माझ्या पत्रातली माझी चूक मी दुरुस्त करते. खरं तर चूक नव्हे. मी एक वाक्य लिहिलं आणि पुढचं गाळलं. 'दहापर्यंत सत्तावीसचा दिवा लागला नाही' हे खरं आहे. दहानंतर काय झालं ते लिहिलं नाही.

ठराव वाचायची वेळ मी निवडली होती. पावणेपाच. संपातले तुंबलेले कॉल कोसळत होते आणि पावणेपाचला दुकानं, ऑफिसं, सगळ्यांना एकदमच फोन हवे असत. त्या वेळी बोर्डावरच्या बाईला नाक पुसायला हात मोकळा नसे. हे मला ठाऊक नव्हतं असं मी म्हणू शकत नाही. मी स्वतः अकरा वर्षं त्या बोर्डावर काढली होती.

दहा आकडे मी मोजले. किती भराभर मोजले ते फक्त मला माहीत आहे.

टेबल काळंभोर होतं, एकही दिवा नाही. मी वही उघडली, 'एकमताने मंजूर' लिहिलं. शाई वाळायच्या आत आठ नंबरचा दिवा लागला. तिचा कॉल संपला होता. मग तीन नंबरचा. मग बारा, तुझी ती कंबर दुखणारी. मी बघत बसले. एकेकीच्या हातातलं काम संपत गेलं तसा एकेक दिवा लागत गेला. चौदा. एकतीस. एकोणीस. बावीस. एकूण सात. त्यातल्या तिघींना तू आवडायची नाहीस, हे मला पक्कं माहीत होतं, तरी त्यांनी कळ दाबली.

बाजूला वही होती, हातात पेन होतं. एक शब्द खोडायचा होता.

मी टेबलाचा मुख्य खटका बंद केला. साती दिवे गेले. वर गेले आणि विश्रांतीच्या खोलीत सांगितलं, बोर्डावरून विरोध नाही.

त्या सातजणींनी नंतर आवाज का केला नाही, याचं मला पुष्कळ दिवस कोडं होतं. मग कळलं. बोर्डावर आपसात बोलायला बंदी, त्यामुळे शेजारणीने कळ दाबली का हे कुणालाच ठाऊक नव्हतं. प्रत्येकीला वाटलं, आपण एकटीच होतो आणि आपल्यालाच उशीर झाला. बारा नंबरवाली निवृत्त होताना माझ्याजवळ रडली होती. म्हणाली, "बाई, माझा कॉल लांबला हो, नाहीतर ती राहिली असती." मी तिच्या पाठीवरून हात फिरवला.

हे तुझ्या दादाला आज सकाळी सांगितलं. त्याने खवणीवरचं काम बाजूला ठेवलं, हात धुतले, फाटकापर्यंत जाऊन परत आला आणि म्हणाला, "आधी तिला लिही. मला नंतर सांगितलं तरी चाललं असतं." लग्नाला सत्तेचाळीस वर्षं झाली, इतकं कडक तो माझ्याशी कधी बोलला नव्हता.

लाइनमनला मी भाषण कबूल केलं आहे. ते मी करणार. कोणतं, हे त्याला माहीत नाही.

माफीचा शब्द मी या पत्रात घातलेला नाही. तो सभेत, जिथे काढलं तिथेच बोलायचा आहे. आधी तुझ्या कानात बोलून मोकळी झाले तर तिथे मी ते बोलायचं टाळेन.

वहिनी

२० फेब्रुवारी

सभा शाळेच्या हॉलमध्ये झाली. मुलांच्या बाकांवर मोठी माणसं बसली होती, सगळ्यांचे गुडघे वर. एकशे ब्याण्णव हजर. लाइनमनने माझी ओळख करून दिली, 'घटनेच्या जननी' वगैरे. मी उठले.

ठरवलेलं सगळं सांगितलं. पावणेपाच, दहा आकडे, सात नंबर, खटका. नंतर जे सांगायचं होतं तेही सांगितलं. मग यादीबद्दल बोलले. म्हटलं, मी तेव्हा म्हणाले होते रचना वाचवते. रचना चोख होती. एकमताची अट होती, कळ होती, दिवे होते, ते लागलेसुद्धा. पण टेबलावर मी होते. आणि ज्या मुलीला काढलं तिला एकदाही विचारलं नाही, कारण विचारलंच पाहिजे असं कुठे लिहिलेलं नव्हतं. लिहिलेलं असतं तर मी टाळलं नसतं. मला मी ओळखते. लिहिलेलं मी पाळते.

लाइनमन ओरडला: "अहो बाई! हे काय काढलंत तुम्ही? तुम्हाला बोलावलं कशाला, तुम्ही बोलताय काय!"

"विषयाला धरूनच बोलतेय," मी म्हटलं, "आणि हळू बोला, मी खाली जमिनीवर आहे."

तुझा ठराव रद्द झाला. तुझी सदस्यता कधी खंडितच झाली नव्हती असं धरलं जाईल. चौतीस वर्षं तू सदस्य होतीस, तुला कळवलं मात्र नाही. वहीत लाल शाईने नोंद झाली, मी स्वतः पाहिली, पोरीचं अक्षर वाईट आहे.

इथपर्यंत मी ठरवलं होतं. पुढचं मी ठरवलेलं नव्हतं.

लाइनमन पुन्हा उठला. यावेळी ओरडला नाही, आणि त्यानेच मला जास्त लागलं. म्हणाला, "मी या बाईंच्या शब्दावर चौतीस वर्षं लोकांशी भांडलो. खोटं इतिवृत्त लिहिणाऱ्याला संघटनेत जागा नाही. त्यांना काढून टाकावं असा मी ठराव मांडतो." त्याचं चुकलं असं मी म्हणणार नाही. मागून कुणीतरी "बरोबर आहे!" म्हटलं. हात वर जायला लागले. मी बाकावरून बघत होते. कुतूहल म्हणशील तर कुतूहल, पण मनात एकच आलं: बोर्डावर बसून तुला हे असं ऐकू आलं असेल.

सरचिटणीस पोरीने टेबलावर हात मारला. "थांबा. बाईंना विचारल्याशिवाय नाही."

"ते प्रकरण अजून मंजूर कुठे झालंय?" लाइनमन म्हणाला.

"मग आधी ते मंजूर करा की नामंजूर करा. हात खाली घ्या सगळ्यांनी."

बारा मिनिटांत झालं. 'सदस्यांचे हक्क' या प्रकरणाच्या बाजूने एकशे एकेचाळीस, विरोधात पन्नास. लाइनमनने बाजूने हात वर केला, हे तुला सांगितलंच पाहिजे. मला म्हणाला, "हे नसलं तर उद्या माझंही असंच होईल." उरलेलं एक मत माझं होतं. मी हात मांडीवर ठेवला. प्रकरणाचा फायदा आता मलाच होणार होता. का नाही दिलं, ते तुला लिहायला नको.

माझी सुनावणी चार मार्चला, सकाळी अकराला, संघटनेच्या ऑफिसात आहे. नव्या कलमाप्रमाणे मला आधी आरोप लेखी मिळाला. एक पान, शुद्धलेखनाच्या चार चुका. मला बोलायला वेळ मिळेल. आणि मला सोबत एक सदस्य आणता येतो, शेजारी बसायला. सदस्यच लागतो. तू आता आहेस.

शिक्षा टळावी म्हणून बोलावत नाही. काढतील बहुतेक, आता बहुमत पुरतं, आणि त्याबद्दल मी कुरकुर करणार नाही. पण मला पहिल्यांदाच विचारणार आहेत, आणि काय विचारतील, माणूस काय बोलतो अशा वेळी, काही बोलता येतं का, हे मला खरंच ठाऊक नाही. मी आजवर टेबलाच्या दुसऱ्या बाजूलाच बसत आले. तू म्हणालीस फरक पडला असता. तो कसला, ते मला पाहायचं आहे. पाहताना शेजारी कुणी असावं असं वाटतं, आणि सबंध संघटनेत असं विचारावं असं दुसरं नाव मला सुचत नाही.

नाही आलीस तर मी समजेन. मग तुझा दादा बाहेर बाकावर बसेल, त्याला आत घेत नाहीत.

वहिनी

२६ फेब्रुवारी

वहिनी,

कार्डावर लिहिते, पाकीट संपलं आहे.

तीन तारखेला दुपारच्या गाडीने येते. दादाला स्टँडवर पाठवू नकोस, तो भलत्याच गाडीसमोर जाऊन उभा राहतो आणि मग मलाच त्याला शोधावं लागतं. घर माहीत आहे मला.

तुझ्या बाजूने मी एक शब्दही बोलणार नाही, हे आधीच सांगून ठेवते. तू बोलत असताना कुणी मध्ये तोंड घातलं तर त्याला गप्प करायला येते आहे.